सीराचं नाव

फार फार जुनी गोष्ट. आफ्रिकेच्या पश्चिमेला, एका मोठ्या नदीकाठी एक राज्य होतं. तिथे वंशावळी लिहून ठेवत नसत, गाऊन ठेवत. ज्याचं नाव गाण्यात नाही तो माणूस जन्मलाच नाही, असं तिथे मानत.

हे गाणं एका गायिकेच्या घराण्याकडे होतं. अर्ध्या भोपळ्यावर कातडं ताणलेलं, एकवीस तारांचं कोरा नावाचं वाद्य वाजवत ती राजाचे सगळे पूर्वज गात असे. त्यांत पहिली होती सीरा, डोक्यावरून मीठ वाहून पोरं वाढवणारी बाई.

राजपुत्राचं लग्न ठरलं आणि राजाला एकाएकी सीराची लाज वाटू लागली. माणसं मोठी झाली की त्यांना असले आजार होतात.

"व्याह्यांसमोर ती मीठवाली नको," तो म्हणाला. "गाणं दुसऱ्या कडव्यापासून सुरू कर."

"महाराज, मी गाणं राखते, कापत नाही," गायिका म्हणाली. "पहिली सीराच येईल."

राजा भडकला. त्याने वाद्याच्या सगळ्या तारा तोडायला लावल्या, दांडा मोडायला लावला आणि तिला दरबाराबाहेर काढलं.

पिढ्यान् पिढ्या जपलेलं वाद्य होतं ते! ती दिवसभर रडली. दुसऱ्या दिवशी मात्र उरलेला भोपळा काखेत मारून ती नदीवर गेली. बायका धुणी धूत होत्या. तिने पाण्याने भरलेल्या घमेल्यात भोपळा पालथा तरंगवला आणि त्यावर थाप मारली. असा घुमला म्हणता! धुण्याच्या आपटण्याला धरून तिने सीराचं कडवं म्हटलं. बायकांनी ते उचललं, आपापल्या घरचे भोपळे आणले.

तिचे काका, जुने वादक, धावत आले. "अगं, पूर्वजांचं गाणं घाटावर? आणि असल्या तालात? घराण्याचं नाक कापलंस!"

"काका, आपल्या पूर्वजांनी पहिला भोपळा आणला कुठून? स्वयंपाकघरातूनच ना? बसा, ताल धरा."

काका बसले नाहीत, पण त्यांचा पाय हलत होता.

लग्नाच्या दिवशी दरबारातल्या नव्या गवयाने दुसऱ्या कडव्यापासून सुरुवात केली. तोच वेशीपाशी शंभर भोपळे घुमले. "पहिली सीरा, मीठ वाहणारी सीरा!" व्याही माना वळवून पाहू लागले.

"तारा तोडा त्यांच्या!" राजा ओरडला.

"कुठल्या तारा, महाराज?" सेनापती म्हणाला. "नुसते भोपळे आहेत. आणि पुढे बसलीय ती माझी आई आहे. मी नाही हात लावणार."

राजाला पूर्ण गाणं ऐकावं लागलं. शेवटी गायिकेने त्याच्यासाठीही एक ओळ जोडली. आजही त्या गाण्यात शूर राजे येतात, दानी राजे येतात, आणि मग येतो 'सीराला लाजलेला'. त्याचं दुसरं नाव कुणी गात नाही.

बोध एवढाच, की गाणं जपायचं तर ते लोकांच्या तोंडी द्यावं. मग ते पुसायची कुठल्याच राजाची छाती होत नाही.