वाढत्या अंगाचा कोट

एकदा एका शिष्येला एक कोट खटकला. कोट पाचेक वर्षांच्या मुलाचा, पण दोन्ही बाह्यांच्या आत कापड जाडजूड दुमडून टाचलेले. नाझींनी ज्यूंचा संहार केला, त्यात बळी गेलेल्यांच्या घरगुती वस्तू एक वृद्ध गुरू आपल्या छोट्या संग्रहालयात जपत. कॉलेज संपवून ती त्यांच्याकडे ते काम शिकत होती. शिंप्याचे माप चुकले असावे, असे समजून बाही सपाट दिसावी म्हणून तिने एका बाहीचे टाके उसवले.

"हे काय केलंस?"

ती इतकी दचकली की कात्री खाली पडली. "सर, फुगीर दिसत होती, म्हणून मी फक्त..."

"लहानपणी तुझी आई तुझे फ्रॉक कसे शिवायची?"

"कसे म्हणजे? वाढत्या अंगाचे. आत दुमड ठेवून, म्हणजे पुढच्या वर्षी..." बोलता बोलता तिची नजर उसवलेल्या बाहीवर गेली.

आईने तो कोट येणाऱ्या हिवाळ्यासाठी शिवला होता. त्याआधीच मायलेकरांना छावणीत नेऊन मारले. मामासोबत भारतात आलेली थोरली बहीण तेवढी वाचली. शेजाऱ्यांनी सांभाळलेला कोट तिने विश्वासाने इथे दिला होता.

"त्याच भोकांतून टाके घालते, सर. कुण्णाला कळणार नाही!"

गुरूंनी तिच्या हातातली सुई काढून घेतली आणि कोट तसाच, एक बाही लांब, एक आखूड, काचेच्या कपाटात ठेवला. ती गोंधळली. उसवले म्हणून रागावतात, मग शिवू का देत नाहीत?

"मुली, हा कोट साक्षीदार आहे. साक्षीदाराच्या तोंडी आपले शब्द घालू नयेत, चांगलेसुद्धा. असं काही घडलंच नाही म्हणणारे पुष्कळ आहेत. तुझा टाका आईचा म्हणून खपवलास, तर ते विचारतील, टाका खोटा, मग आई तरी खरी कशावरून? एक बाही आईची उरली आहे. दुसरी आपल्या चुकीची. तसंच सांगायचं. आधी त्या बहिणीला."

"त्या कोट परत मागतील."

"मागू देत. त्यांचाच आहे."

तिने फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. पुन्हा लावला. जुना धागा आपोआप सुटला, एवढे म्हटले तरी भागणार होते!

"हॅलो, कोण बोलतंय?" पलीकडून थकलेला आवाज आला.

"मी," ती म्हणाली, "जिनं टाके उसवले ती."