कुंभाराचं गाढव आणि बेवारस वीज

"चूक गाढवाचीच!" दिवाण अंताजीपंतांनी निकाल देऊन टाकला. "तार भुईवर पडलेली दिसत असताना त्यानं तिच्यावर पाय दिलाच का?"

भिकोबा कुंभाराची लेक येसू हात जोडून उभी होती, पण जीभ मोकळीच होती. "दिवाणजी, आमचा सावळ्या गाढवच होता, तो गाढवासारखा वागला. तुमच्या तारा बांधणारी माणसं तशी का वागली?"

दरबारात खसखस पिकली. कुरणगडच्या रणधीरराव महाराजांनीही मिशीत हसू दाबलं. पण वीजघर त्यांच्या मोठ्या हौसेचं! त्यातून निघालेल्या विजेनं कुणाचा जीव घेतला, हे कबूल करायचं म्हणजे भारीच पंचाईत. परवाच्या वावटळीत कुंभारवाड्यामागची तार तुटली आणि मातीची गोणी घेऊन येणारा सावळ्या जागच्या जागी गेला. आता माती वाहणार कोण? भिकोबाचं चाक थांबलं, चूल थंडावली. येसूनं तर सावळ्याला हातानं गवत भरवून वाढवलं होतं. ती पोटभर रडली, मग पदर खोचून दरबारात आली.

"मुली," दिवाणजी म्हणाले, "खांबावर होती तोवर तार सरकारची. वाऱ्यानं पाडली, ती वाऱ्याची झाली. भरपाई वाऱ्याकडे माग!"

"आणि त्यातली वीज?"

"तीही बेवारस!"

महाराजांना गंमत सुचली. "असं कर. गाढव मारणारी वीज आमचीच होती, असं सांगणारा साक्षीदार आण. मात्र तो याच दरबारातला हवा! मग भरपाई देतो."

दरबारी एकमेकांकडे बघून गालात हसले. महाराजांच्या पंक्तीला जेवून महाराजांविरुद्ध साक्ष कोण देणार? येसूनं मात्र मुजरा करून घरची वाट धरली.

घरी येताच तिनं पडलेल्या तारेभोवती लांबवर बाभळीच्या फांद्यांचं कुंपण घातलं. पोरंबाळं, गुरंढोरं कुणी जवळ जायला नको. मग एक फुटकी घागर बडवत ती बाजारात निघाली.

"ऐका हो ऐका! कुंभारवाड्यामागं बेवारस वीज सापडली आहे! दिवाणजींनी भर दरबारात सांगितलंय, तिला मालक नाही! ज्याला हवी त्यानं फुकट न्यावी!"

गाव लोटलं. पिठाच्या गिरणीचा तुकाशेट तर धापा टाकत आला. "येसू, आधी माझ्या गिरणीला जोड गं बाई! सरकारचं बिल भरून भरून कंबर मोडली!" एक म्हातारी कळशी घेऊन आली होती. "थोडी माझ्या नातवाच्या अभ्यासाला दे."

बातमी वीजघरात पोचली, तिथून दिवाणजींच्या कानात. पागोटं सावरत ते धावतच आले. "खबरदार! हात लावाल तर कोठडीत टाकीन! ही वीज महाराजांची आहे!"

"पण तार तर वाऱ्यानं पाडली," येसू भोळा चेहरा करून म्हणाली.

"वाऱ्यानं पाडो नाहीतर माकडानं! वीज आमच्या वीजघरात तयार होते. खांबावर असो की भुईवर, तिचा कण न् कण सरकारचा!"

"हेच महाराजांपुढे सांगाल?"

"शंभरदा सांगेन! चल, चोरटे!"

त्यांनी तिला तरातरा दरबारात नेलं आणि तेच सगळं महाराजांपुढे, आवाज चढवून, पुन्हा एकदा सांगितलं. येसूनं मान डोलावत ते ऐकून घेतलं.

"सरकार," ती म्हणाली, "साक्षीदार हजर आहे. याच दरबारातला आहे. मी बोलवायलाही गेले नाही, तेच मला घेऊन आले!"

महाराजांनी शेवटची पळवाट शोधली. "पण मुली, तार पाडली ती वाऱ्यानंच ना?"

"सरकार, तुमच्या शिकारखान्यातला वाघ पिंजऱ्याचं दार वाऱ्यानं उघडून सुटला आणि गावात शिरला, तर तो वाऱ्याचा वाघ होतो का? वाघ पाळायची हौस ज्याची, दाराची कडी बघायची त्यानंच!"

महाराज इतके हसले की डोक्यावरचा मंदिल घसरून कानावर आला. "हरलो, बाई, हरलो!" त्यांनी तिथल्या तिथे हुकूम सोडले. तार आजच्या आज वर बांधायची, भिकोबाला नवं गाढव आणि येसूला जरीचं लुगडं. "आणि अंताजीपंत, गाढवांची पारख तुम्हाला चांगली दिसते. बाजारातून तुम्हीच निवडून आणा, आणि तिच्या दारापर्यंत पायी पोचवा!"

दिवाणजी नव्या गाढवाच्या दाव्याचं टोक धरून भर पेठेतून निघाले. गाढव होतं खट्याळ. कधी मागे ओढी, कधी पुढे पळे. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना माणसं गोळा झाली होती, पण कोण कुणाला घेऊन चाललंय, हे काही शेवटपर्यंत कुणाला कळलं नाही!