कासवाच्या वचनाचा अर्थ

फार जुनी गोष्ट. एका तळ्याकाठी मंदपाद नावाचं म्हातारं कासव राहायचं. ‘थांबणं हेही चालणंच आहे,’ असं ते एकदा बोलून गेलं आणि पंचक्रोशीत मोठं विचारवंत ठरलं.

बगळ्याने भाष्य केलं, की थांबणं म्हणजे ध्यान. वानर म्हणाला, ‘‘छे, थांबणं म्हणजे बंड!’’ दोघांचे दोन पंथ झाले. भांडण इतकं पेटलं, की ज्याचा अर्थ चुकेल त्याने पिलाबाळांसह तळं सोडायचं ठरलं. निवाड्याला सगळे मंदपादाकडे आले.

भेदरलेली पिलं पाहून कासवाला राहवेना. ‘‘अरे बाबांनो, त्या दिवशी माझ्या पायाला मुंग्या आल्या होत्या. तुम्ही हसाल म्हणून तसं बोललो, झालं!’’

बगळा वानराच्या कानाशी लागला, ‘‘महाराजांचं वय झालं.’’

‘‘हो ना,’’ वानराने सुस्कारा टाकला. ‘‘स्वतःचेच विचार झेपेनात त्यांना.’’

दोघांचं पहिल्यांदाच एकमत झालं, त्यामुळे कुणालाच तळं सोडावं लागलं नाही. आता दोन्ही पंथ एकत्र बसून शिकवतात, की मुंग्यांच्या कबुलीपूर्वीचा मंदपाद थोर, नंतरचा सामान्य. मंदपाद मात्र खुशीत ऊन खात पडलेला असतो. अर्थ विचारायला आता त्याच्याकडे कुणी फिरकत नाही.