भोपळ्याचं बारसं

बकुळाच्या पायात चपला नव्हत्या. आई लोकांच्या शेतात खुरपायला जायची आणि बकुळा तापलेल्या वाटेवरून टुणटुण उड्या मारत सरपण गोळा करायची.

वाटेवर चंद्राक्कांची हिरवीगार बाग होती. आक्का म्हाताऱ्या, एकट्या आणि जराशा विक्षिप्त. झाडावेलीला पहिलं फळ धरलं, की त्या त्याचं चक्क बारसं करायच्या! पाळणा सजवायच्या, घुगऱ्या शिजवायच्या, साऱ्या गावाला बोलावणं धाडायच्या. गाव हसायचं. यायचं मात्र कुणीच नाही.

आज पाळण्यात गोलमटोल, इवलासा भोपळा होता.

"आज कुणी आलं नाही, तर हे शेवटचं बारसं," आक्का पुटपुटल्या. "पुरे झाला माझा वेडेपणा."

"मी आलेय ना!" वाटेवरून बागेत शिरत बकुळा म्हणाली. "अगंबाई, बाळ उघडंच निजलंय!" तिनं आपली एकुलती एक ओढणी त्याला पांघरली.

आक्का घुगऱ्यांना फोडणी द्यायला आत गेल्या. तोच पिवळ्याधमक फुलातून एक चिमुकली परी डोकावली. तिच्या पंखांवर सोनेरी पराग चमचमत होते.

"बकुळे, एक इच्छा माग. एकच हं! आणि कुणाचं मन बदलायला सांगायचं नाही. ते ज्याचं त्यानंच बदलायचं."

बकुळानं पोळलेल्या पायांकडे पाहिलं. लालचुटूक चपला! पण मग आक्कांचा पडलेला चेहरा तिच्या डोळ्यांपुढे आला. इतक्यात आतून चुर्र आवाज झाला, खोबऱ्याचा खमंग वास सुटला.

"परीताई, हा वास घरोघरी पोचव!"

गुलाबी वाऱ्याची झुळूक निघाली. थोड्याच वेळात नाकं वर करून मुलं आली, मागून बायाबापड्या आल्या.

"आक्का, काय शिजवलंय?" मुलांतल्या दगडूनं विचारलं.

"आधी बारसं, मग घुगऱ्या!"

"भोपळ्याचं?" दगडू खो खो हसला. पण घुगऱ्यांच्या वासानं तिथंच थांबला.

"आत्या कोण याची?" एका बाईनं विचारलं.

आक्कांनी इकडेतिकडे पाहिलं.

"मी!" म्हणत बकुळा पाळण्यात वाकली. "कुर्र... भोपळोजीराव!" मुलांनी तिच्या पाठीत धपाधप बुक्के घातले. आक्का डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या.

"आत्याला आहेर नको का?" त्यांनी पेटीतून हिरवा खण काढला. "पोलकं शिवते तुला. आणि रोज इथंच जेवायचं. आईलाही आण."

"आक्का, पुढचं बारसं कधी?" दगडूनं भरल्या तोंडानं विचारलं.

"वांग्याला फूल आलंय. बोलावते हो!"

परी गोड हसली, आणि हळूच सोनेरी उन्हात विरघळून गेली.