सक्त ताकीद

दुसानेबाईंची बढती सहा वर्षं रखडली, कारण त्यांची फाइल माझ्याच कपाटात पडून होती. अखेर मागच्या तारखेपासून त्या मुख्य लिपिक झाल्या आणि त्यांनी सहा वर्षांच्या पगाराचा फरक मागितला.

मी त्यांचा साहेब. सगळ्या कर्मचाऱ्यांसमोर ऐटीत म्हणालो, "बाई, तेव्हा तुम्ही मुख्य लिपिकाचं काम केलंच कुठे? काम नाही, तर पगार नाही!"

बाईंनी पिशवीतून एक जुना कागद काढून माझ्यापुढे ठेवला. "जरा मोठ्याने वाचा, साहेब."

मी वाचलं. 'मुख्य लिपिकाचे काम पाहताना आपण हलगर्जीपणा केला, सबब सक्त ताकीद देण्यात येत आहे.' तारीख चार वर्षांपूर्वीची. सही माझीच.

"म्हणजे ठपका घ्यायला मी त्या खुर्चीत होते," बाई म्हणाल्या, "आणि पगार घ्यायला नव्हते?"

कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. मी मान खाली घालून फरक मंजूर केला आणि पुटपुटलो, "तो मेमो रद्द करतो. फाडून टाका."

"नको, साहेब." बाईंनी कागदाची नीट घडी केली. "सहा वर्षांत मला मुख्य लिपिक म्हणणारा तेवढा एकच कागद आहे."