चाळीस फुटवे आणि एक शेंडा

एकदा एक माळी भर दुपारी आपल्या गुरूंच्या दारात येऊन उभा राहिला. हातात कोयता होता आणि डोळ्यांत पाणी. गुरू वृद्ध होते. त्या थंड, डोंगराळ प्रदेशातील निम्मी उद्याने त्यांच्याच हातची. शिष्याचा हा अवतार पाहून ते म्हणाले, "आत ये. कोयता बाहेर ठेव. माझ्याशी बोलायला तो लागत नाही."

शिष्याने हकीकत सांगितली. तो एका व्यापाऱ्याच्या बागेचे काम पाहत असे. व्यापाऱ्याच्या वृद्ध आईची, माईंची, दृष्टी मंदावली होती. फुले, पाखरे, नातवंडांचे चेहरे सारे धूसर झाले होते. लाल रंग तेवढा अजून दिसे. म्हणून शिष्याने रानातून सुमाकाचे एक झुडूप आणून त्यांच्या खिडकीसमोर लावले. या झुडपाच्या फांद्यांवर सांबराच्या कोवळ्या शिंगांसारखी मखमली लव असते, आणि पानगळीच्या आधी त्याची पाने अशी लालभडक होतात की पाहणाऱ्याने कामधाम विसरावे. त्यावर लाल तुरेही ताठ उभे असतात. ते दिवस आले की माई खिडकीतून हलत नसत. तुरे गार पाण्यात भिजवून त्यांचे आंबट सरबत करवून घेत आणि आल्यागेल्याला पाजत. वर दटावत, "माझ्या झाडाचं आहे. नको म्हणायचं नाही."

"मग अडले कुठे?" गुरूंनी विचारले.

"मुळांत, आचार्य. ती अंगणभर पसरली. फरशीच्या सांधीतून फुटवे, भाजीच्या वाफ्यात फुटवे. मालक चिडले. मी एक फुटवा तोडावा, तर शेजारी दोन यावेत. शेवटी माझेही डोके फिरले. मी मूळ झाडच बुंध्यातून तोडले."

"आणि?"

"पंधरवड्यात चाळीस फुटवे आले. आता मालक म्हणतात, येत्या अमावास्येला अंगणभर मिठाचे पाणी ओततो. मग तिथे गवतसुद्धा उगवायचे नाही." तो थांबला. "झाड तोडले त्या दिवशी माई खिडकीत बसून म्हणाल्या, 'आज ऊन जरा फिकं आहे का रे?' मी हो म्हणालो. तोंड वर करून खोटे बोललो."

गुरू उठले, दाराबाहेरचा कोयता त्यांनी स्वतःच उचलला आणि त्याच्याबरोबर निघाले.

अंगणात पोहोचताच त्यांनी पहिली गोष्ट केली ती ही, की कोयता आपल्या उपरण्यात गुंडाळला आणि खिडकीतून माईंच्या हाती दिला. "हा सांभाळा," एवढेच म्हणाले. मग चाळीस फुटव्यांमधून फिरत, जुन्या बुंध्याजवळचा एक सरळ, तजेलदार फुटवा त्यांनी निवडला. त्याला काठीचा आधार दिला, बुडाशी शेणखत घातले आणि स्वतः पाणी आणून ओतले.

व्यापाऱ्याचा संताप अनावर झाला. "अहो महाराज, मी याला मारायला निघालोय आणि तुम्ही याचं बारसं करताय?"

"दोन पानगळी थांबा," गुरू शांतपणे म्हणाले. "तरीही उपद्रव राहिला, तर मिठाचे पोते मी स्वतः वाहून आणीन."

"दोन वर्षं? अजिबात नाही!"

तेव्हा खिडकीतून माईंचा आवाज आला. "थांब की रे. मी नाही का थांबलेय?" व्यापारी मान खाली घालून आत गेला. आईपुढे त्याचे काही चालत नसे, हा त्याचा फार मोठा गुण होता.

पुढचे आठ दिवस गुरुशिष्यांनी त्या फुटव्याभोवती गुडघाभर खोल चर खणला. चरापलीकडची मुळे बाकीच्या फुटव्यांसकट हातांनी सोडवून काढली आणि चरात दगडी लाद्या उभ्या बसवल्या. माती थापता थापता शिष्याला राहवेना. "आचार्य, जे नको आहे त्यालाच खतपाणी कशासाठी?"

गुरू म्हणाले, "बाळा, झाडाला शेंडा असतो तोवर मुळांना ठाऊक असते की आपण गोळा केलेले सत्त्व कुठे पाठवायचे. तू त्याचे डोकेच उडवलेस. मग प्रत्येक मुळाने आपापले डोके वर काढले. तू म्हणतोस, झाड माजले. मी म्हणतो, ते घाबरले. त्याला एक शेंडा नीट वाढू दे, पाय पसरायला मर्यादा घालून दे. अधूनमधून एखादा फुटवा येईलच. तो कोवळा असतानाच बोटांनी काढ. कोयत्याची वेळ येऊ देऊ नकोस."

शिष्य लाद्या बसवीत राहिला. घरातल्या एकाचे बोलणे तोडून टाकल्यावर चार कोपऱ्यांतून कुरबुरी का ऐकू येतात, याचा विचार आपणही करायला हरकत नाही.

दुसऱ्या पानगळीच्या तोंडाशी ते झुडूप खिडकीच्या उंचीला आले आणि एका सकाळी लालेलाल झाले. फरशी स्वच्छ होती. व्यापारी आईशेजारी पाट टाकून बसला होता आणि मिठाचा विषय त्याने काढलाही नाही. माईंनी माळ्याला हाक मारली.

"काय रे, त्या दिवशी ऊन खरंच फिकं होतं का?"

शिष्याने मान खाली घातली. "नाही, माई. झाड मी तोडलं होतं."

"ठाऊक आहे मला. डोळे गेलेत, कान शाबूत आहेत. सकाळभर घाव ऐकत होते." त्या हसल्या आणि उशाशी ठेवलेले उपरण्याचे गाठोडे त्यांनी पुढे केले. "घे, तुझा कोयता."

शिष्याने गाठोड्याकडे पाहिले, मग झाडाकडे. त्याला फार हलके वाटले.

"राहू द्या, माई," तो म्हणाला. "तुमच्याकडेच बरा आहे."