मागून येणाऱ्याची सम

या दगडाला एवढ्यात हात लावू नका. बसा, पाणी प्या, पण हात नको. दिठवणच्या वेशीवरचा हा काळा दगड दिसायला साधाच आहे. मधोमध पंजाएवढा खळगा आहे ना, तो मात्र टाकीने पाडलेला नाही. तळहातांनी झिजून झाला आहे. आणि वर दोन सुळक्यांच्या मध्ये ताणलेली दिसते ती आमची सांजतार. रोज दिवस कलला की ती वाजते. हल्ली मी वाजवतो. यंदाच्या सुगीपर्यंत माझा दादा वाजवायचा. ही गोष्टही त्याचीच. तो सावकाश सांगायचा, मला तेवढा दम नाही.

फार पूर्वी, असे सांगतात, इथला सूर्य आपला आपण मावळत नसे. तारेवरचा माणूस गाण्याच्या फेऱ्या घेत समेवर येई. सम म्हणजे जिथे फेरी पुरी होते आणि ऐकणाऱ्याची मान आपोआप डुलते ती जागा. सम पडली की सूर्य पलीकडच्या कड्याआड उतरे, आणि समोरच्या दरीतून काजळी वर चढे. काजळी म्हणजे नुसता अंधार नव्हे. ती पाण्यासारखी भरत यायची, आणि तिच्यात सापडलेला माणूस पुन्हा कुणाला दिसत नसे. म्हणून दरीत गेलेल्याने समेच्या आत वर यायचे. न आलेल्यासाठी कुणी थांबत नसे. रात्र तर व्हायलाच हवी, असे लोक म्हणत.

त्या काळी तारेवर रायबू नावाचा तरुण बसायचा. त्याचा थोरला भाऊ दौला दिव्यांसाठी मेण काढायला दरीत जायचा. आईबाप नव्हते. रायबूला तार धरायला दौलानेच शिकवले, म्हणे. एका सांजेला बाकीचे मेणकरी वर आले, दौला आला नाही. खालून कुणाची तरी हाक आली म्हणून तो मागे वळला, एवढेच त्यांना ठाऊक होते.

रायबू वाजवू लागला. समेच्या तोंडाशी आला आणि सम न देता पुन्हा पहिल्या फेरीत शिरला. ठरवून नव्हे. हात पुढे गेलाच नाही. सूर्य कड्यावर तसाच टेकून राहिला.

आधी लोक हसले. "रायबू, सम घरी विसरलास का रे? आणून देऊ?" मग हसू आटले. गुरे गोठ्यात जाईनात. कोंबड्या अंगणभर फिरत राहिल्या. तान्ही पोरे झोपेवाचून रडून लाल झाली. शेवटी गावाची कारभारीण बयोआजी काठी टेकत वर गेली.

"बाळा, सम दे. उजेड असा धरून ठेवायचा नसतो."

"दादा आला की देतो."

"आणि नाहीच आला तर?"

"तर देत नाही."

त्याची बोटे फाटली होती, तार लाल झाली होती. कुणीतरी तार तोडायला कोयता आणला. बयोआजीने तो काढून घेतला आणि त्याच्यावरच बसली. "माझाही एक खाली राहिलाय," ती म्हणाली. "त्याच्या वेळी हे कुणाला सुचलं नाही. वाजव रे तू."

रायबू पुन्हा एकदा समेच्या तोंडाशी आला, आणि नेमक्या त्याच जागी खाली वेशीवर हा दगड घुमला. साऱ्या माना एकदम डुलल्या. सम पडली. सूर्य उतरला.

रायबू धावत खाली आला. दगडाला टेकून एक अनोळखी बाई उभी होती, पाठीला मूल बांधलेले. चढून दमली म्हणून तिने हात टेकला, तोच दगड घुमला होता. तिच्या मागे कुणी नव्हते, आणि काजळी वेशीखालच्या पायऱ्यांना लागली होती.

ती सम तुझी नव्हती, असे रायबू तिच्यावर ओरडला, म्हणतात. दादा हे गाळायचा. मी गाळत नाही. तो ओरडणारच.

बाईने ऐकून घेतले. मग म्हणाली, "कपारीतून मला वर काढताना त्याचा पाय मोडला. मी त्याच्यापाशी बसले, तर म्हणाला, बसू नकोस. वर माझा भाऊ वाजवतोय, तो तुला पोचवल्याशिवाय थांबायचा नाही. ऐकत ऐकत चाल."

दौला परत आला नाही. पलीकडच्या गावात सांगतात की तो पहाटे हसत हसत आला. लहानपणी मीही दादाला तसेच सांगायला लावायचो. तो म्हणायचा, गप, पुढे ऐक.

पुढे असे झाले, की दुसऱ्या सांजेला रायबू तारेवर बसला आणि समेच्या तोंडाशी येऊन परत फिरला. पुन्हा आला, पुन्हा फिरला. नजर वेशीवर. मेणकऱ्यांतला शेवटचा धापा टाकत चढला, त्याला उमगले, आणि त्याने दगडावर पंजा टाकला. त्यानंतर काजळीत कुणीच सापडले नाही, असे सांगतात.

दादा सुगीत तापाने गेला. त्या सांजेला मी तारेवर बसलो आणि वाजवतच राहिलो. गावातल्या कुणी दगडाला हात लावून मला थांबवले नाही. आमची चूल पेटली नव्हती म्हणून खालच्या वाडीची एक मुलगी भाकऱ्या घेऊन येत होती. तिने टोपली कमरेवर घेतली आणि मोकळा हात दगडावर टेकवला.

आजही सांजतार वाजवणारा सम देत नाही. ती मागून येणाऱ्याची. दमलेली म्हातारी असो, चुकलेली शेळी शोधणारा असो, नाहीतर पाहुणा. म्हणून दिठवणला उजेड इतर गावांपेक्षा थोडा जास्त टिकतो, आणि उशीर केला म्हणून इथे कुणी कुणाला बोलत नाही.

चला, सूर्य टेकला. तुमचे ते काठीवाले आजोबा अजून खालच्या वळणावर दिसतात. त्यांना म्हणावे, घाई करू नका. मी वर जातो. ते आले की एवढेच सांगा, हात इथे टेकवायचा.